भंडाऱ्याहून बातमी

२४ जानेवारी २०२५ रोजी सकाळी साडेदहाच्या सुमाराला जवाहरनगरच्या आयुध निर्माणीत स्फोट झाला. इमारतीचं छत कोसळलं आणि आठ कामगार गेले. आवाज कित्येक किलोमीटर ऐकू गेला. दुपारपर्यंत मृतांचा आकडा, निर्माणीचा इतिहास, संरक्षण मंत्रालयाचा शोकसंदेश, सारं देशभर पोचलेलं होतं. त्याच्या चार वर्षं आधी, ९ जानेवारी २०२१ च्या पहाटे, भंडाऱ्याच्या जिल्हा रुग्णालयात नवजात बालकांच्या कक्षाला आग लागली आणि दहा बाळं दगावली. तेव्हाही उजाडेपर्यंत बातमी दिल्लीत होती. धान, तलाव आणि पितळेची भांडी यांसाठी भंडारा ज्यांना ठाऊक आहे त्यांना वाईट वाटेल, पण देशाच्या कानावर या जिल्ह्याचं नाव बहुधा अशाच दिवशी पडतं.

या दोन्ही बातम्यांना पोचायला वाट तयार होती. आयुध निर्माणी केंद्र सरकारची. साठच्या दशकात ती उभी राहिली, नेहरूंच्या नावानं तिची वसाहत वसली, आणि देशभरातून आलेली माणसं तिथल्या क्वार्टरांमध्ये राहू लागली. नागपूरहून भंडाऱ्याकडे निघालं की शहर लागण्याच्या आधी महामार्गालगत हा पट्टा येतो: शहापूर, ठाणा पेट्रोल पंप, जवाहरनगर. तिथं काही घडलं की उत्तर द्यायला दिल्लीतलं एक मंत्रालय बांधील असतं. जिल्हा रुग्णालय राज्य सरकारचं, त्यामुळे मुंबईला उत्तर द्यावं लागतं. पण याच जिल्ह्यातल्या एखाद्या खेड्यात, जिथलं माणूस मंत्रालयाचं नाही, कारखान्याचं नाही, कुणाच्या मतांच्या हिशेबातही फारसं नाही, तिथली पोर संध्याकाळी नाहीशी झाली आणि सकाळी मेलेली सापडली, तर तिची बातमी कुठल्या वाटेनं जाते? भंडारा जिल्ह्यानं या प्रश्नाची उत्तरं सात वर्षांच्या अंतरानं दोनदा दिली, एकदा २००६ मध्ये आणि एकदा २०१३ मध्ये. वरवर पाहता ती एकमेकांच्या अगदी उलट वाटतात. मला तशी ती वाटत नाहीत.

आधी २००६ च्या सुमाराला जिल्ह्याची बातमी कशी तयार व्हायची ते पाहायला हवं. विदर्भातली मोठी दैनिकं नागपुरात निघत: लोकमत, तरुण भारत, लोकसत्ता आणि सकाळच्या नागपूर आवृत्त्या, हिंदीत नवभारत, इंग्रजीत हितवाद. जिल्ह्याच्या ठिकाणी एखाद-दुसरा पगारी बातमीदार असे. तालुक्याला 'तालुका प्रतिनिधी' म्हणवणारा जो असे, तो बहुतेक वेळा शिक्षक, दुकानदार किंवा पेपरचा एजंटच. त्याची कमाई बातमीपेक्षा जाहिरातीच्या कमिशनवर. वाढदिवसाच्या शुभेच्छा, पुढाऱ्याचं स्वागत, दिवाळी विशेषांक यांवर त्याचं वर्ष निघायचं, आणि जाहिरात देणारे असत ते गावातले सरपंच, सोसायटीचे संचालक, धानाचे व्यापारी. गुन्ह्याच्या बातमीसाठी त्याच्याकडे एकच दरवाजा होता, तो पोलीस ठाण्याचा. ठाणेदारानं फोनवर चार ओळी सांगितल्या की बातमी झाली. त्या चार ओळींत घटना, वेळ, कलमं आणि शेवटी 'कारण' असे. कारण हे बहुधा ठरलेलं: जुना वाद, दारूची नशा किंवा अनैतिक संबंध. त्या बातमीदाराला मी नावं ठेवत नाही. महिन्याकाठी पेट्रोलचे पैसेही न देणाऱ्या वर्तमानपत्रासाठी त्यानं रात्री खेड्यात जाऊन उलटतपासणी करावी ही अपेक्षा नागपुरात बसून करणं सोपं आहे.

खैरलांजी मोहाडी तालुक्यात, आंधळगाव पोलीस ठाण्याच्या हद्दीत. भंडाऱ्याहून वरठी, मग मोहाडी, आणि तिथून आत. गावात बौद्धांची घरं मोजून दोन-तीन. त्यातलं एक भैयालाल भोतमांगे यांचं. बायको सुरेखा, दोन मुलं, आणि सतरा वर्षांची प्रियांका, बारावीत शिकणारी. थोडी जमीन होती. त्या जमिनीतून रस्ता काढण्यावरून गावातल्या वरचढ जातींच्या काही कुटुंबांशी वर्षानुवर्षं तंटा होता. ३ सप्टेंबर २००६ रोजी सुरेखाचे नातेवाईक आणि धुसाळा गावचे पोलीस पाटील यांना मारहाण झाली. सुरेखा आणि प्रियांका यांनी मारणाऱ्यांना ओळखलं आणि पोलिसांपुढे साक्ष दिली. २९ सप्टेंबरला त्या प्रकरणात अटक झालेली माणसं त्याच दिवशी जामिनावर सुटली, आणि संध्याकाळी जमाव भोतमांग्यांच्या घरावर गेला. भैयालाल बाहेर होते. ते लपले, पळाले, वाचले. घरातली चारही माणसं मारली गेली आणि मृतदेह गावाबाहेर नेऊन नहरात टाकले गेले.

एक रात्र हे कुटुंब कागदोपत्री फक्त 'दिसत नव्हतं'. प्रियांकाचा मृतदेह ३० सप्टेंबरला कालव्यात सापडला, बाकीच्यांचे त्यानंतर. शवविच्छेदन घाईनं उरकलं गेलं. इतक्या घाईनं, की पुढे पुरलेलं शव उकरून पुन्हा तपासणी करायची वेळ आली. हलगर्जीपणाबद्दल पोलीस निलंबित झाले, डॉक्टरांवर कारवाई झाली. पण हे सगळं नंतरचं. पहिल्या दिवसांत ज्या बातम्या छापून आल्या त्यांत ठाण्याचं 'कारण' जसंच्या तसं उतरलं होतं: अनैतिक संबंध. बाईचं चालचलन आणि गावकऱ्यांचा संताप. साक्ष देणाऱ्या बाईचा साक्षीबद्दल खून झाला हा धागा त्या बातम्यांत नव्हताच, कारण तो धरायचा तर ३ सप्टेंबरची मारहाण, २९ तारखेचा जामीन आणि त्या दिवशीची संध्याकाळ, हे तीन कागद शेजारी ठेवावे लागले असते. ते तिन्ही कागद सरकारी होते. दडवलेले नव्हते.

याच्या जोडीला दिनदर्शिकेतली एक गोष्ट आहे, आणि ती मला आजही समजून घ्यायला जड जाते. २००६ हे धम्मदीक्षेचं सुवर्णमहोत्सवी वर्ष. त्या वर्षी विजयादशमी २ ऑक्टोबरला आली. म्हणजे नहरातून प्रेतं निघत होती त्याच वेळी लाखो माणसं नागपूरकडे निघालेली होती. दीक्षाभूमीवर देशभरातले बौद्ध जमले, वर्तमानपत्रांनी पुरवण्या काढल्या, बाबासाहेबांच्या छायाचित्रांसह पानंच्या पानं जाहिराती आल्या. एका बौद्ध कुटुंबाचा असा शेवट तासा-दीड तासाच्या अंतरावर झालाय हे त्या गर्दीतल्या बहुतेकांना माहीतच नव्हतं. बाबासाहेबांनी ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक' काढलं तेव्हा त्याची जाहिरात पैसे घेऊनही छापायला 'केसरी'नं नकार दिला होता. नकार देणारं कुणीतरी होतं, म्हणून निदान त्याच्याशी भांडता तरी आलं. २००६ च्या ऑक्टोबरात कुणी नकार दिला नाही. बातमी पान आठवर, दोन कॉलमांत येऊन गेली, आणि खून, पत्ता, कलमं सगळं तिच्यात असल्यामुळे ती दडपली असंही कुणाला म्हणता येईना.

त्या ऑक्टोबरात देशातल्या माध्यमांना तरुण मुलीच्या खुनात रस नव्हता असं मात्र नाही. दिल्लीतली कायद्याची विद्यार्थिनी प्रियदर्शिनी मट्टू हिच्या १९९६ मधल्या खुनाचा खटला तेव्हा गाजत होता. खालच्या न्यायालयानं सोडलेल्या आरोपीला दिल्ली उच्च न्यायालयानं १७ ऑक्टोबर २००६ रोजी दोषी ठरवलं आणि ३० ऑक्टोबरला फाशी सुनावली. जेसिका लाल प्रकरणासाठीही त्या वर्षभर मेणबत्त्या पेटत होत्या. इंग्रजी वाहिन्या प्रेक्षकांकडून एसएमएस मागवत होत्या, 'न्याय' हा शब्द पडद्यावर सतत फिरत होता. हे काम वाईट होतं असं मी म्हणणार नाही. त्या मोहिमांशिवाय ते निकाल कदाचित आलेच नसते. पण त्या मोहिमांतली मुलगी प्रेक्षकांच्या ओळखीची होती. तिच्यासारखी मुलगी त्यांच्या इमारतीत राहत होती, त्यांच्या कॉलेजात शिकत होती. मोहाडी तालुक्यातली बारावीची मुलगी कुणाच्याच इमारतीत राहत नव्हती.

खैरलांजीची बातमी अखेर बाहेर आली ती चळवळीमुळे. विदर्भ जन आंदोलन समितीसारख्या संघटना, नागपूर-भंडाऱ्यातले आंबेडकरी कार्यकर्ते, महिला मंडळं गावात जाऊन आली. त्यांनी भैयालालना विचारलं, शेजाऱ्यापाजाऱ्यांना विचारलं, अहवाल लिहिले. आंबेडकरी वाचकांच्या घरात येणारी 'महानायक', 'सम्राट' यांसारखी दैनिकं होती, पण मोठ्या पेपरांच्या संपादकांच्या टेबलावर ती पोचत नसत. मृतदेहांची छायाचित्रं हातोहात आणि ईमेलवरून फिरली. ती छायाचित्रं फिरायला नको होती असं आज मनात येतं. पण ती फिरली नसती तर पुढचं काही घडलं असतं का, हेही मला छातीठोकपणे सांगता येत नाही. २९ ऑक्टोबरला, म्हणजे बरोबर महिन्यानं, टाइम्स ऑफ इंडियाच्या रविवारच्या अंकात सॅब्रिना बकवॉल्टर या तरुण अमेरिकन पत्रकाराचा सविस्तर वृत्तांत आला. बाहेरून आलेली, मराठी न येणारी बाई गावापर्यंत पोचते आणि लिहिते, आणि नागपुरातल्या एवढ्या मराठी पेपरांपैकी एकालाही ते महिनाभरात सुचत नाही, याची खंत मराठी पत्रकारितेत अनेकांनी नंतर बोलून दाखवली.

मग नोव्हेंबर आला आणि रस्ते भरले. भंडाऱ्यात, नागपुरात मोर्चे निघाले, बायकांची संख्या डोळ्यांत भरणारी. नागपुरात लाठीमार आणि संचारबंदी. १४ नोव्हेंबरला अमरावतीत पोलिसांच्या गोळीबारात एक तरुण ठार झाला. उपमुख्यमंत्री आणि गृहमंत्री आर. आर. पाटील यांनी आंदोलनामागे नक्षलवाद्यांचा हात असल्याची शंका बोलून दाखवली. पुढे त्यावर भरपूर टीका झाली, पण त्या दिवसापुरती तीच ठळक बातमी होती. ठाणेदाराच्या चार ओळींच्या जागी गृहमंत्र्यांच्या चार ओळी आल्या. खून कसे झाले यापेक्षा मोर्चा कोणी काढला याची चौकशी जास्त झाली. ३० नोव्हेंबरला, कानपूरमधल्या आंबेडकर पुतळ्याच्या विटंबनेचं निमित्त होऊन महाराष्ट्रभर उद्रेक झाला आणि उल्हासनगरजवळ डेक्कन क्वीनचे डबे पेटवले गेले. जळणारी डेक्कन क्वीन वाहिन्यांनी दिवसभर दाखवली. मुंबई-पुण्याच्या मध्यमवर्गाला खैरलांजी हे नाव नेमकं त्या ज्वाळांसोबत कळलं. आधी गाडी, मग गाव. ज्या प्रेक्षकानं हा क्रम पाहिला त्याच्या मनात बळी कोण आणि हल्लेखोर कोण याची उलटापालट झाली असेल, तर नवल नाही.

इथं तंत्रज्ञानाबद्दल एक नोंद करायला हवी, कारण ती सहसा विसरली जाते. सप्टेंबर २००६ मध्ये मराठीत चोवीस तास चालणारी एकही वृत्तवाहिनी नव्हती. झी २४ तास २००७ च्या सुरुवातीला आली, त्याच वर्षी स्टार माझा, २००८ मध्ये आयबीएन लोकमत. म्हणजे खैरलांजीचा खून झाला वर्तमानपत्रांच्या काळात आणि त्याचा निकाल लागला वाहिन्यांच्या काळात. सीबीआयनं २००६ च्या डिसेंबरअखेर अकरा जणांवर आरोपपत्र ठेवलं. उज्ज्वल निकम विशेष सरकारी वकील झाले, आणि त्यांच्यामागोमाग कॅमेरे भंडाऱ्याच्या न्यायालयापर्यंत आले. १५ सप्टेंबर २००८ रोजी आठ जण दोषी ठरले, तिघे सुटले. २४ सप्टेंबरला सहा जणांना फाशी आणि दोघांना जन्मठेप सुनावली गेली. दलितांवरील अत्याचाराच्या खटल्यात एवढ्या जणांना एकदम फाशी, ही मोठी बातमी झाली, आणि ती तशी व्हायलाच हवी होती.

पण त्या निकालात दुसरीही बातमी होती. अनुसूचित जाती-जमाती अत्याचार प्रतिबंधक कायदा न्यायालयानं लागू धरला नाही. कटाचा आरोप टिकला नाही, विनयभंगाचंही कलम टिकलं नाही. नोव्हेंबर २००६ मध्ये जवळजवळ प्रत्येक वृत्तांतात सामूहिक बलात्काराचा उल्लेख होता. आरोपपत्रात बलात्काराचं कलमच आलं नव्हतं. ते का आलं नाही, पहिलं शवविच्छेदन कसं झालं, पुरावा कोणत्या दिवशी हातातून गेला, हा खरा शोधाचा विषय होता. १४ जुलै २०१० रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं फाशी रद्द करून पंचवीस वर्षांची जन्मठेप दिली आणि जातीचा हेतू सिद्ध होत नाही हा निष्कर्ष कायम ठेवला. आनंद तेलतुंबडे यांनी २००८ मध्ये आलेल्या इंग्रजी पुस्तकात पोलीस, प्रशासन, न्यायव्यवस्था यांच्या रांगेत माध्यमांनाही उभं केलं आहे. मला त्यांची मांडणी काही जागी फार सरसकट वाटते. ऑक्टोबर २००६ पुरती मात्र ती खोडून काढणं अवघड आहे. जात नाही असं २००८ मध्ये न्यायालय म्हणालं, त्याच्या दोन वर्षं आधी तीच गोष्ट पेपरांनी 'अनैतिक संबंध' हे दोन शब्द छापून म्हणून टाकली होती.

भैयालालना सरकारनं भंडाऱ्यात घर दिलं, वसतिगृहात नोकरी दिली. दर सप्टेंबरात कुणीतरी त्यांच्याकडे माइक घेऊन येई. २० जानेवारी २०१७ रोजी नागपुरात ते हृदयविकारानं गेले.

दुसरं प्रकरण फेब्रुवारी २०१३ चं. लाखनी भंडाऱ्याच्या पूर्वेला, त्याच महामार्गावर, म्हणजे तेव्हाच्या राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ६ वर, ज्याला आता ५३ म्हणतात. लाखनीजवळच्या मुरमाडी गावातून १४ फेब्रुवारीला तीन सख्ख्या बहिणी नाहीशा झाल्या. सगळ्यात मोठी अकरा वर्षांची. तिघींची नावं मी लिहिणार नाही. दोन दिवसांनी त्या विहिरीत मृतावस्थेत सापडल्या. पोलिसांनी आधी मर्ग दाखल केला, म्हणजे अकस्मात मृत्यू. गावाला ते पटलं नाही. शवविच्छेदनातून लैंगिक अत्याचाराची शंका पुढे आल्याचं कळताच लोक रस्त्यावर आले, बाजार बंद झाले, महामार्ग अडला. मुंबई ते कोलकाता जाणारे ट्रक जेव्हा लाखनीला खोळंबले, तेव्हा ती बातमी राष्ट्रीय झाली. गावातल्या लोकांनी सात वर्षांपूर्वीचा धडा घेतला होता की काय कोण जाणे, पण बातमीसाठी काय अडवावं लागतं हे त्यांना बरोबर कळलं होतं. मुली नाहीशा झाल्या त्या दोन दिवसांत कुठलाही कॅमेरा आला नव्हता. 'मिसिंग'ची नोंद ही तेव्हा बातमीच नसे.

काळही वेगळा होता. १६ डिसेंबर २०१२ ची दिल्लीतली सामूहिक बलात्काराची घटना होऊन दोन महिने झाले होते. न्यायमूर्ती वर्मा समितीचा अहवाल २३ जानेवारीला आला होता, ३ फेब्रुवारीला बलात्काराविषयीचा वटहुकूम निघाला होता. बालकांचं लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण करणारा पॉक्सो कायदा १४ नोव्हेंबर २०१२ पासून लागू झाला होता, म्हणजे जेमतेम तीन महिन्यांचा होता. दिल्लीतल्या प्रत्येक वृत्तकक्षात त्या महिन्यांत पुढच्या घटनेची वाट पाहिली जात होती, असं म्हणणं कटू आहे पण खोटं नाही. मुरमाडी त्या चौकटीत ताबडतोब बसली. तीन बहिणी, बलात्कार, खून, विहीर: बातमीला आणखी काही लागत नव्हतं. नागपूरहून ओबी व्हॅन जवाहरनगर ओलांडून, भंडारा ओलांडून लाखनीला पोचल्या. पुढारी आले, मदत जाहीर झाली, पोलीस निरीक्षक निलंबित झाला. गृहमंत्री पुन्हा आर. आर. पाटीलच होते. या वेळी त्यांनी कुणावर शंका घेतली नाही.

१ मार्च २०१३ रोजी केंद्रीय गृहमंत्री सुशीलकुमार शिंदे यांनी राज्यसभेत या प्रकरणावर निवेदन केलं आणि निवेदन वाचताना तिन्ही मुलींची नावं उच्चारली. सभागृहाचं कामकाज तेव्हा थेट प्रक्षेपित होत होतं. विरोधी पक्षनेते अरुण जेटली यांनी हरकत घेतली, गोंधळ झाला आणि ती नावं कामकाजाच्या नोंदीतून काढण्यात आली. बलात्कारपीडितेची ओळख उघड करणं भारतीय दंडविधानाच्या २२८-अ कलमाखाली गुन्हा होता, पॉक्सोच्या २३ व्या कलमानं माध्यमांवर वेगळं बंधन घातलं होतं, आणि हे कायदे ज्या सभागृहानं केले त्याच सभागृहात देशाच्या गृहमंत्र्यांकडून ते मोडले गेले. त्या दिवशी वाहिन्यांनी शिंद्यांवर भरपूर तोंडसुख घेतलं. पण मुलींच्या गावाचं नाव, घराची परिस्थिती, शाळा, नातेवाइकांचे चेहरे हे सगळं आधीचे दहा-बारा दिवस पडद्यावर होतंच. ओळख म्हणजे केवळ नाव नव्हे, ही साधी गोष्ट सभागृहात कुणाला बोलता आली नाही आणि स्टुडिओत कुणाला बोलायची नव्हती.

आणि मग बातमी फिरली. न्यायवैद्यक तपासणीचे पुढचे अहवाल येऊ लागले तसा बलात्कार झाला होता का, आणि हा खून तरी होता का, यावरच प्रश्नचिन्ह लागलं. तपास स्थानिक पोलिसांच्या हातून पुढे सीबीआयकडे गेला. या प्रकरणात कुणालाही शिक्षा झालेली नाही. विहिरीत नेमकं काय घडलं याचं सर्वांना पटलेलं उत्तर जिल्ह्याला मिळालेलं नाही. फेब्रुवारीत ज्या वाहिन्यांनी 'नराधम' शब्दाशिवाय एक वाक्य बोललं नव्हतं, त्यांनी ही उलटापालट तेवढ्याच वेळेत आणि तेवढ्याच आवाजात सांगायला हवी होती. ती सांगणं अवघडही होतं. आधीची बातमी चुकली असेल असं म्हणायचं, तर मुलींच्या आईपुढे उभं राहून म्हणावं लागलं असतं.

२००६ मध्ये बातमी उशिरा आली आणि २०१३ मध्ये घाईनं आली, असं या दोन घटनांबद्दल बोललं जातं. ते खरं आहे, पण अर्धंच. खैरलांजीत बातमीदारानं ठाण्याचं कारण छापलं. मुरमाडीत पहिल्या शवविच्छेदनाचा कानावर आलेला निष्कर्ष छापला. दोन्ही वेळा हातात एकच कागद होता, दोन्ही वेळा तो सरकारी होता, आणि दोन्ही वेळा तो पारखून बघायला कुणी दुसरीकडे गेलं नाही. २००६ च्या पोलिसांवर विश्वास ठेवला म्हणून आपण पत्रकारांना दोष देतो, आणि २०१३ मध्ये त्यांनी पोलिसांवर अविश्वास दाखवला म्हणून शाबासकी देतो. पण मुरमाडीत आधी मर्ग दाखल करणारे पोलीस आणि नंतर खुनाचं कलम लावणारे पोलीस एकाच ठाण्याचे होते. जमाव रस्त्यावर आल्यावर कलम बदललं आणि कलमासोबत बातमीही. बातमीदारानं शोधून काढलेली एकही गोष्ट त्यात नव्हती. भंडाऱ्याच्या तालुका प्रतिनिधीची कमाई २०१३ मध्येही जाहिरातीवरच होती. फरक इतकाच, की त्याच्या हातात आता कॅमेऱ्याचा मोबाइल होता आणि नागपूरहून दर पंधरा मिनिटांनी फोन येत होता.

कायद्यानं नंतर काही गोष्टी बदलल्या. १० मे २०१३ रोजी 'बचपन बचाओ आंदोलन'च्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की मूल हरवल्याची तक्रार आली की ती नुसती 'मिसिंग' म्हणून वहीत टिपून चालणार नाही, गुन्हा नोंदवावा लागेल आणि अपहरण किंवा तस्करी झाली असं गृहीत धरून तपास करावा लागेल. ११ डिसेंबर २०१८ च्या निपुण सक्सेना निकालानं लैंगिक अत्याचाराला बळी पडलेली व्यक्ती मृत असली तरी तिची ओळख उघड करायला मनाई केली. नाव घेऊन चळवळ उभी करायची सवय असलेल्या महाराष्ट्राला हे जड गेलं, आणि काही कार्यकर्त्यांचा त्याला आजही विरोध आहे: नाव पुसलं तर माणूसही पुसला जातो, असं ते म्हणतात. खैरलांजीच्या बाबतीत त्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे. बलात्काराचं कलम लागलं असतं आणि आजचा नियम असता, तर प्रियांका भोतमांगे हे नाव या लेखातही आलं नसतं.

सर्वोच्च न्यायालयाच्या मे २०१३ च्या आदेशाचा परिणाम मात्र पेपरात रोज दिसतो. अल्पवयीन मूल घरातून गेलं की आता अपहरणाचा गुन्हा दाखल होतो. पूर्वी ३६३ कलम होतं, नव्या न्यायसंहितेत १३७. त्यामुळे जवाहरनगर असो, लाखनी असो की आंधळगाव, ठाण्याच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर 'अज्ञात इसमाविरुद्ध' अशी नोट येते: वय, रंग, उंची, अंगावरचे कपडे. यातली कितीतरी मुलं काही दिवसांत घरी परततात. कुणी परीक्षेच्या भीतीनं गेलेलं असतं, कुणी घरच्या मारामुळे, एखादी मुलगी ठरवलेलं लग्न टाळायला. काही परतत नाहीत. तालुका प्रतिनिधी ती नोट जशीच्या तशी पुढे पाठवतो, नागपुरातला उपसंपादक ती संक्षिप्त बातम्यांत टाकतो किंवा टाकत नाही, आणि रात्री पान लावायच्या वेळेला जागा कमी पडली तर सर्वांत आधी तीच नोट काढली जाते.